हुद्दा गेटबाहेर ठेवू या
(रौप्यमहोत्सवी स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



सेक्रेटरींनी पाचच मिनिटं दिली आहेत, म्हणून थेट विषयावर येतो. विषय आहे मानापमानाचा.

माझी नोकरी बँकेत झाली. राष्ट्रीयीकृत बँकांच्या अधिकाऱ्यांना १९७९ पासून एकसारख्या श्रेणी लागू झाल्या, स्केल एक ते सात. शिडी होती पगाराची, पण ती माणसांच्या मनातच उभी राहिली. केबिन कोणाला, खुर्चीवर टॉवेल कोणाच्या, चहा कपबशीत की ग्लासात, यावरून माणसाची किंमत ठरायची. प्रमोशनच्या यादीत ज्युनियरचं नाव वर आलं, की महिनोन् महिने अबोला!

रशियन लेखक चेकॉव्ह यांची १८८३ सालची एक कथा आहे. नाटकगृहात एका कारकुनाला शिंक येते, ती पुढे बसलेल्या जनरलसाहेबांवर उडते. तो पुन्हा पुन्हा माफी मागत राहतो. शेवटी साहेब ओरडतात आणि हा घरी जाऊन प्राण सोडतो. गंमत अशी, की ते साहेब त्याच्या खात्याचेसुद्धा नव्हते!

आपल्या सोसायटीत तर कोणीच कोणाचा साहेब नाही. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० सांगतो: एक सभासद, एक मत. वन रूम किचन असो की थ्री बीएचके. तरीही वार्षिक सभेत हिशेब विचारला, की 'मला विचारणारे हे कोण?' असा सूर निघतो. थकबाकीची नोटीस लागली, की अब्रू गेल्यासारखं वाटतं. आणि वॉचमनशी बोलताना आपल्यातले काहीजण अजून ऑफिसची बेलच वाजवत असतात.

नावं घेत नाही, पण अशाच एका शब्दावरून आपले दोन ज्येष्ठ सभासद चार वर्षं एकमेकांशी बोलत नाहीत. लिफ्टमध्ये एक असला, तर दुसरा जिन्याने जातो. दोघांचीही मुलं परदेशात. रात्री दोन वाजता छातीत दुखलं, तर जुना शिपाई धावून येणार नाही, समोरच्याच दाराची बेल वाजवावी लागेल.

दोघेही आज इथे आहेत. जेवणाची तयारी झाली आहे. माझी विनंती एवढीच, की कोणीतरी पहिल्यांदा म्हणावं, ''या, इथे बसा.'' त्याने कोणाचंही स्केल खाली येत नाही.