अणुबॉम्बचं क्षेपणास्त्र वरच्या वर पाडता येतं का?



२०२५च्या मे महिन्यात भारत-पाकिस्तान संघर्ष पेटला, तेव्हा आमच्या बचत गटाच्या बैठकीत हप्त्यांचा हिशोब बाजूलाच राहिला. ज्यांचा मुलगा फौजेत आहे त्या मावशींनी विचारलं, "येणारी क्षेपणास्त्रं आपल्या लोकांनी वरच्या वर पाडली म्हणतात. मग अणुबॉम्बचं आलं तरी पाडतीलच ना?" आम्हाला उत्तर देता आलं नाही. मग आम्ही वाचलं, जाणत्यांना विचारलं. जे कळलं ते आज सांगतो.

बॅलिस्टिक क्षेपणास्त्र म्हणजे गोफणीतून सुटलेला धोंडा समजा. सुरुवातीची काही मिनिटं इंजिन त्याला ढकलतं, पुढे ते आपल्याच वेगानं जातं आणि खाली येतं. लांब पल्ल्याचं क्षेपणास्त्र सेकंदाला सहा-सात किलोमीटर जातं. रशियातून अमेरिकेत पोचायला त्याला साधारण अर्धा तास लागतो. आपण आणि पाकिस्तान तर शेजारी. इथं हाती काही मिनिटंच.

दुसरी अडचण आपल्याला लगेच समजेल. उफणताना वारा भुसा उडवतो आणि दाणा खाली पडतो. पण अवकाशात वाराच नाही. तिथं खरा बॉम्ब आणि फसवायला सोडलेला हलका फुगा एकाच वेगानं सोबत जातात. दाणा कुठला, भुसा कुठला, हे ओळखायचं कसं?

अमेरिकेनं यावर अफाट पैसा खर्च केला. अलास्का आणि कॅलिफोर्नियात त्यांची ४४ रोधक क्षेपणास्त्रं आहेत. ठरवून घेतलेल्या चाचण्यांतही त्यातली साधारण निम्मीच यशस्वी झाली. रशियाकडे तर दीड हजाराच्या वर अणुबॉम्ब तयार आहेत. म्हणून ही ढाल उत्तर कोरियासारख्या देशाच्या थोड्या क्षेपणास्त्रांसाठी आहे, असं अमेरिकाच २०२५पर्यंत सांगत होती. आपली डीआरडीओही २००६पासून अशा रोधकांच्या चाचण्या घेत आली आहे.

साध्या क्षेपणास्त्रांच्या लढाईत शंभरातली नव्वद अडवली, तर मोठंच यश. अणुबॉम्बचं गणित वेगळं. १९४५मध्ये हिरोशिमावर एकच बॉम्ब पडला आणि वर्षअखेरपर्यंत सुमारे १,४०,००० माणसं गेली. इथं एक सुटला तरी एक शहर गेलं.

शिवाय एकानं ढाल वाढवली की दुसरा बाण वाढवतो. हे ओळखूनच १९७२मध्ये अमेरिका आणि सोव्हिएत रशियानं ढालींवरच मर्यादा घालणारा करार केला. २००२मध्ये अमेरिका त्यातून बाहेर पडली.

मग आपल्याला राखतं कोण? जवान राखतातच, पण कागदही राखतो. १९८८च्या करारानुसार भारत आणि पाकिस्ताननं एकमेकांच्या अणुकेंद्रांवर हल्ला न करण्याचं ठरवलं. १९९२पासून दर १ जानेवारीला दोघं त्या केंद्रांच्या याद्या एकमेकांना देतात. २००५च्या करारानुसार बॅलिस्टिक क्षेपणास्त्राची चाचणी घेण्याआधी शेजाऱ्याला कळवायचं असतं, म्हणजे चाचणीला कोणी हल्ला समजू नये.

हे सगळं ऐकून मावशी म्हणाल्या, "म्हणजे सुटल्यावर पाडण्यापेक्षा सुटूच न देणं बरं." आम्हालाही तेच पटलं.

तेव्हा बायांनो, "टाका एकदाचा अणुबॉम्ब" असा मेसेज मोबाइलवर आला, तर पुढे पाठवू नका. पाठवणाऱ्याला विचारा, तिकडून परत आला तर अडवणार कसा? आम्ही आमच्या गटात हे विचारायला सुरुवात केली आहे. तुमच्या बैठकीतही विषय काढा.