खांबाखालचं सोयाबीन



कळंब, वाशी, धाराशिव, आपला सगळा सोयाबीनचा पट्टा. रस्त्याकडेला रान असलेल्या बायांनी हे पाहिलं असेल. काढणीला सगळं शेत पिवळं पडतं, पण खांबावरच्या दिव्याखालचा तुकडा हिरवागार राहतो. झाडं उंच वाढतात, शेंगा मात्र उशिरा लागतात. खत तेच, पाऊस तोच. सोयाबीन रात्रीची लांबी ओळखतं. रात्र मोठी व्हायला लागली की फुलोऱ्यात येतं. दिव्याखाली त्याची रात्र होतच नाही.

आपल्या अंगातही असं घड्याळ आहे, मेंदूत, तांदळाच्या दाण्याएवढ्या जागेत. केळ्यांवर घोंगावणाऱ्या चिलटांमधलं असंच घड्याळ कसं चालतं, हे उलगडणाऱ्या तीन शास्त्रज्ञांना २०१७ साली नोबेल मिळालं. अंधार पडला की मेंदूतून मेलाटोनिन नावाचं द्रव्य रक्तात येतं आणि शरीराला कळतं, रात्र झाली. डोळ्यांवर झगझगीत उजेड पडला की ते कमी होतं. कंदिलाचा उजेड तांबूस, मंद. एलईडीच्या पांढऱ्या उजेडात निळा भाग जास्त, आणि घड्याळ फसतं ते त्यानंच.

भांडी घासून होईपर्यंत दहा वाजतात. मग कुठं बाईला स्वतःचा वेळ मिळतो नि ती मोबाइल हातात घेते. त्यात तिचं चुकतं असं मला वाटत नाही. पण पाचला उठायचंच असतं. त्यात शेतीची लाइट रात्रीची असली की मोटार चालू करायला घर उठतं, ट्यूब लागते. दिवसभर अंग जड, चिडचिड. आपण म्हणतो अशक्तपणा आहे. असेलही, रक्त तपासून घ्या. पण झोपेकडेही बघा.

गावातले दिवे बंद करा, असं मी म्हणत नाही. अंधारात परसाकडे जायची भीती, विंचू-साप, हे बाईला सांगायला नको. दिवा रस्त्यावर हवा, अंथरुणावर नको. खिडकीला जुन्या साडीचा दुहेरी पडदा लावा. दिव्याचं तोंड खाली करायला गटातर्फे ग्रामपंचायतीला अर्ज द्या. रात्री उठायला पिवळा झिरोचा बल्ब पुरतो. मोबाइल निजायच्या तासभर आधी ठेवा. नाहीच जमलं तर उजेड कमी करा, पडदा न बघता नुसती गाणी ऐका. आणि सकाळी भाजी निवडायची ती अंगणात बसून निवडा, सकाळच्या उजेडानं घड्याळ पुन्हा लागतं.

यंदा काढणीला खांबाखाली एकदा बघा. काय दिसलं, ते गटाच्या बैठकीत सांगा.