आधी समोरच्याचे म्हणणे



न्यायमूर्ती रानड्यांनी 1875 साली पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली. तिथून ही प्रथा गावोगाव पसरली आणि एका वक्त्याला तासभर शांतपणे ऐकायची सवय आपल्याला लागली. सवय चांगलीच आहे. पण व्याख्यानात श्रोत्याला उलट बोलता येत नाही. म्हणून आज मी वादविवादाची बाजू घेऊन उभा आहे.

त्यासाठी रेणापूरइतकी योग्य जागा मला दुसरी दिसत नाही. 1991 ते 1995 या काळात विधानसभेचे विरोधी पक्षनेते होते रेणापूर मतदारसंघाचे आमदार गोपीनाथराव मुंडे, आणि समोर मंत्र्यांच्या बाकांवर बाभळगावचे विलासराव देशमुख. सभागृहात एकमेकांचे विरोधक, बाहेर मित्र. यात दोघांच्या स्वभावाचा वाटा मोठा, पण सभागृहाच्या रीतीचाही आहे. तिथे सदस्य विरोधकाला उद्देशून बोलत नाही. ‘अध्यक्ष महाराज’ म्हणून तो आपले म्हणणे अध्यक्षांना सांगतो. राग अध्यक्षांच्या खुर्चीला वळसा घालून जातो आणि वाटेतच निम्मा उतरतो. आपल्या वादविवाद स्पर्धांतही पहिल्या वाक्यापासून ही शिस्त हवी.

मराठवाड्याला बोलण्याचे हे स्वातंत्र्य फुकट मिळालेले नाही. निजामाच्या राज्यात ‘गश्ती निशाण 53’ या हुकमाने साध्या सभेलाही आधी परवानगी काढावी लागे. 17 सप्टेंबर 1948 पर्यंत ही राजवट आपल्या आजोबा-पणजोबांनी सोसली. बोलण्याचा हक्क ज्यांनी झगडून मिळवला, त्यांच्या नातवंडांना आपण विषय काय देतो? ‘मोबाईल : शाप की वरदान’!

स्पर्धा कशा होतात ते तुम्ही पाहिले आहे. एका महाविद्यालयाचे दोन स्पर्धक, एक अनुकूल, एक प्रतिकूल. सरांनी लिहून दिलेले भाषण घोकलेले. घंटा, टाळ्या, पुढचा क्रमांक. तिसाव्या स्पर्धकापर्यंत कोणी कोणाचे एक वाक्यही खोडलेले नसते. ही वक्तृत्व स्पर्धा झाली. तिला वादविवाद म्हणायला मी तयार नाही.

गौतमाच्या न्यायसूत्रांनी चर्चेचे तीन प्रकार सांगितले आहेत. सत्य शोधण्यासाठी होतो तो वाद, जिंकण्यासाठी केला जातो तो जल्प, आणि स्वतःची बाजू न मांडता दुसऱ्याची नुसती मोडायची ती वितंडा. शास्त्रग्रंथांची रीत अशी, की आधी पूर्वपक्ष मांडायचा, म्हणजे समोरच्याचे म्हणणे. मग खंडन, आणि शेवटी आपला सिद्धान्त. माझा सगळा आग्रह त्या पहिल्या पायरीसाठी आहे.

एक ठराव घेऊन बघू : ‘लातूर जिल्ह्यात ठिबक सिंचनाशिवाय ऊस लावायला बंदी असावी.’ बाजूने बोलणारी मुलगी एप्रिल 2016 पासून सुरुवात करील, मिरजेहून रेल्वेने पाणी आणून लातूर जगले तिथून. सोयाबीन शंभरेक दिवसांत निघते, ऊस मात्र वर्षभर पाणी मागतो, असे ती सांगेल. टाळ्या पडतील. पण सभेत ऊस लावणारे शेतकरी बसले आहेत आणि त्यांचे म्हणणे अजून आलेले नाही. उसाला केंद्र सरकार एफआरपी, म्हणजे रास्त आणि किफायतशीर दर, ठरवते. 1966 च्या ऊस नियंत्रण आदेशाने कारखान्याला 14 दिवसांत पैसे देणे बंधनकारक आहे. सोयाबीनला हमीभाव जाहीर होतो, पण आडतीवर तो पदरात पडेलच असे नाही. शेतकरी ऊस लावतो तो या खात्रीपायी. हे सारे तिने स्वतःच्या तोंडाने, त्या शेतकऱ्याला पटेल असे सांगितले, तर तिचे पुढचे खंडन रेणा कारखान्याचा सभासदही कान देऊन ऐकेल. तसेच विरोधी बाजूच्या मुलाने ठिबकचा खर्च अल्पभूधारकाने कुठून करायचा हे जरूर विचारावे. पण त्याआधी त्या पाण्याच्या रेल्वेला उत्तर द्यावे.

मुलांनी असे बोलायला हवे असेल तर नियमच तसे करावे लागतील. ठराव पंधरा दिवस आधी जाहीर करा, बाजू मात्र त्याच दिवशी, अर्धा तास आधी, चिठ्ठी टाकून ठरवा. मग दोन्ही बाजूंचा अभ्यास केल्यावाचून गत्यंतर नाही, आणि घोकलेले भाषण कुचकामी ठरते. संघ दोघांचा, दोघे एकाच बाजूचे. पहिल्या फेरीत प्रत्येकाला पाच मिनिटे, मग दहा मिनिटांची विश्रांती, मग तीन-तीन मिनिटांचे खंडन. परीक्षकांच्या कागदावर शंभरापैकी चाळीस गुण खंडनाला ठेवा. आज आवाज, हावभाव आणि पाठांतर यांना गुण मिळतात, म्हणून मुले तेवढेच शिकतात. त्यांना दोष देऊ नये. वेळाधिकारी असा निवडा, की सरपंचांच्या मुलालाही वेळेवर घंटा देईल. आणि अध्यक्षांनी निकालाआधी स्वतःचे मत सांगू नये.

सभागृहाचे मतही घ्यावे. ऑक्सफर्ड युनियन या वादसभेत 1933 साली ‘राजा आणि देशासाठी लढणार नाही’ हा ठराव 275 विरुद्ध 153 मतांनी संमत झाला आणि त्याची चर्चा जगभर झाली. आपण एक पाऊल पुढे जाऊ : वादाआधी एकदा हात मोजायचे, नंतर पुन्हा मोजायचे, आणि जास्त मते ज्यांनी वळवली त्यांना चषक द्यायचा. पहिला वाद उसाच्या ठरावावर, सोयाबीनच्या राशी झाल्यावर घ्यावा. शेतकऱ्यांना तेव्हा थोडी सवड असते, आणि या ठरावावर हात वर करायला तेच हवेत.