बांधकाम परवानगी आणि सुनावणीचा हक्क

(नागपूर येथे अधिकारी, शिक्षक व पंचायत सदस्य यांच्यासमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



सामान्य माणूस घर बांधतो तेव्हा जन्माची पुंजी त्यात घालतो. म्हणून बांधकामाची परवानगी नाकारताना किंवा उभे घर पाडण्याचा आदेश देताना त्याचे म्हणणे ऐकून घेणे ही मेहेरबानी नव्हे. तो त्याचा हक्क आहे.

महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ ने हा हक्क मान्य केला आहे. परवानगी नाकारल्यास कलम ४५ प्रमाणे आदेशात कारणे नमूद करावी लागतात. कलम ४७ अन्वये अर्जदार ४० दिवसांत शासनाकडे अपील करू शकतो आणि त्या अपिलात उभय पक्षांना बाजू मांडण्याची संधी मिळते.

मुंबईतील पदपथवासीयांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८५ साली हेच तत्त्व सांगितले. पूर्वसूचनेशिवाय अतिक्रमण हटविण्याचा अधिकार महानगरपालिकेला होता; परंतु सूचना देऊच नये, असा त्याचा अर्थ नव्हे. ऐकून घेणे हा नियम, न ऐकणे हा अपवाद.

१३ नोव्हेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने याची कार्यपद्धतीच घालून दिली. किमान १५ दिवसांची लेखी नोटीस, व्यक्तिगत सुनावणी, तिचे इतिवृत्त, सकारण आदेश आणि आदेशानंतर आणखी १५ दिवसांची मुदत. रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा किंवा जलाशय यांवरील अनधिकृत बांधकामांना मात्र हे निर्देश लागू नाहीत.

तरीही मार्च २०२५ मध्ये आपल्या नागपुरात काय घडले, ते आपण जाणतोच. दंगलीनंतर आरोपींच्या घरांवर कारवाई झाली. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २४ मार्च रोजी तिला स्थगिती दिली. घरमालकांचे म्हणणे ऐकले गेले नाही, यावर बोट ठेवले. तोपर्यंत एक घर पाडून झाले होते. पुढे महानगरपालिका आयुक्तांनी शपथपत्राद्वारे बिनशर्त माफी मागितली. सर्वोच्च न्यायालयाचे निर्देश संबंधित अधिकाऱ्यांना ज्ञात नव्हते, असा खुलासा त्यांनी केला.

माहिती खात्यात काम करणाऱ्या माझ्यासारख्याला हा खुलासा विशेष बोचतो. निर्णय दिल्लीत होतो. परंतु तो नोटीस लिहिणाऱ्या कर्मचाऱ्याच्या टेबलापर्यंत पोहोचला नाही, तर नागरिकाच्या दृष्टीने तो झालाच नाही.

सुनावणीमुळे कारवाई रखडते, अशी तक्रार ऐकू येते. वस्तुतः अनधिकृत बांधकाम सुनावणीने अधिकृत होत नाही. मात्र कोणता भाग नियमित होऊ शकतो, मोजणी चुकली काय, नोटीस योग्य व्यक्तीला मिळाली काय, हे ऐकल्याशिवाय कळत नाही. पाडलेली भिंत न्यायालयाच्या आदेशानेही जशीच्या तशी उभी राहत नाही.

पंचायत सदस्यांनी व शिक्षकांनी एवढे अवश्य करावे : गावात कुणाला नोटीस आली तर ती वाचून दाखवावी, तारीख समजावून द्यावी, उत्तर लेखी देऊन त्याची पोच घेण्यास सांगावे. अधिकाऱ्यांनी ते उत्तर वाचूनच आदेशावर सही करावी. कायद्याचे राज्य अशा लहान कामांतूनच उभे राहते.