आम्ही चार स्वाती



हजेरीला ‘स्वाती’ म्हटलं की आम्ही चौघी एकदम ‘हजर’ म्हणायचो. शेवटी वर्गशिक्षिकेने आम्हाला आकडेच देऊन टाकले. मी स्वाती दोन.

पुढे इंजिनिअरिंग झालं, सॉफ्टवेअरमध्ये नोकरी लागली आणि तिथे अमांडा भेटल्या. अमेरिकेतल्या आमच्या टीममध्ये दोघी आहेत, दोघीही आपल्याच वयाच्या. एकीची आई गेली तेव्हा मी सांत्वनाचं पत्र लिहिलं आणि मेलने जी अमांडा आधी सुचवली तिलाच धाडून दिलं. तिने ते जिचं तिला पोचवलं आणि मला उत्तर लिहिलं: वाईट वाटून घेऊ नकोस, शाळेत आम्ही तीन होतो.

मग मला राहवेना. अमेरिकेचं सोशल सिक्युरिटी खातं 1880 पासूनच्या जन्मांची नावं वर्षवार फायलींत देतं. त्या उतरवून घेतल्या. 1980 मध्ये अमांडा मुलींच्या नावांत दुसरी, 1990 मध्ये चौथी. आता पहिल्या दोनशेतही नाही. टीममधला एकजण म्हणाला, बॉस्टन बँडच्या ‘अमांडा’ गाण्यामुळे नाव पसरलं. पण ते गाणं गाजलं 1986 मध्ये, नाव तर आधीच वर पोचलं होतं!

नाव तसं जुनं. कॉली सिबर या इंग्लिश नाटककाराच्या 1696 च्या नाटकात सोडून गेलेल्या नवऱ्याला परत मिळवणारी नायिका अमांडाच आहे. लॅटिनमध्ये ‘अमारे’ म्हणजे प्रेम करणं आणि अमांडा म्हणजे जिच्यावर प्रेम करावं अशी. संस्कृतच्या बाई, हे तर आपलं वि.धा.वि.! तव्य, अनीय, य. पूजनीया, वंदनीया, तशी अमांडा. दहावीत याच प्रश्नाला माझे दोन गुण गेले होते, ते आता परत द्या.

आपल्या वर्गाचं हजेरीपत्रक काढलं तर तिथेही तेच दिसेल. चार स्वाती, तीन मनीषा, दोन रूपाली. माझ्या मुलीच्या वर्गात यातली एकही नाही. तिच्या नावाचं तर स्पेलिंग दरवेळी सांगावं लागतं, त्याबद्दल ती मला बोल लावते.

2021 च्या एप्रिलमध्ये आपल्या ग्रुपवर तीनच शब्द आले: ‘आपली स्वाती गेली.’ माझा फोन तासभर वाजत होता. मी ‘हॅलो’ म्हटलं की पलीकडे कुणीतरी रडायचं, मी आहे म्हणून. आणि मग मला सांगावं लागायचं, कोणती ते. पाच-सहा जणांना मी ते सांगितलं. नंतर फोन उचलला नाही.

स्मरणिकेच्या संपादकांना एक विनंती आहे. श्रद्धांजलीच्या पानावर तिच्या नावापुढे ‘स्वाती तीन’ असं छापा. तिचं सासरचं आडनाव आपल्यातल्या निम्म्यांना माहीत नाही.