प्राचीन आयर्लंडातील गोधन



आपल्या पाठशाळांत 'गो' शब्दाची रूपे विद्यार्थी घोकून पाठ करतात. याच शब्दाचा एक सहोदर युरोपच्या पश्चिम टोकाच्या बेटावर आजही नांदत आहे. आयरिश भाषेत गाईला 'बो' म्हणतात. तेथे रस्त्याला 'बोहर' हा शब्द आहे, त्याचे मूळ गाईंच्या वाटेत आहे. आणि मुलगा या अर्थी आज वापरला जाणारा 'बूखिल' हा शब्द मुळात गुराख्याचा वाचक होता. ज्या समाजाने वाटेला आणि मुलाला गाईवरून नाव दिले, त्याचे जीवन गाईभोवती कसे फिरत होते, हे आज आपणापुढे मांडण्याचा माझा विचार आहे.

आरंभीच एक सावधगिरी सांगतो. तेथील बॉइन नदीचे प्राचीन नाव टॉलेमी या भूगोलवेत्त्याने इसवी सनाच्या दुसऱ्या शतकात 'बुविन्द' असे नोंदविले आहे. ते ऐकताच आपल्या तोंडी 'गोविंद' येतो. परंतु त्या नावाचा अर्थ 'शुभ्र गाय' असा लावतात. आपल्या 'गोविंदा'चा अर्थ तेथे नाही. पूर्वपद एक म्हणून सारे पद एक होत नाही. शब्दांच्या बाबतीत जे खरे, ते समाजांच्या बाबतीत अधिकच खरे. प्राचीन आयर्लंडात गाय जीवनाचा आधार होती, पण ती अवध्य नव्हती. तिचे दूध पीत, तसेच तिचे मांसही खात. ही गोष्ट झाकून केलेली तुलना विद्येला शोभणारी नव्हे.

सातव्या-आठव्या शतकातील आयर्लंड डोळ्यांपुढे आणा. नगरे नाहीत, नाणी नाहीत. त्या भूमीवर पहिली नाणी पडली ती सुमारे 997 मध्ये, डब्लिनच्या सिट्रिक या नॉर्स राजाच्या काळात. शंभराहून अधिक लहान लहान राजे, प्रत्येकाचा आपापला जनसमूह. हवामान सौम्य, पाऊस भरपूर, गवत विपुल. हिवाळ्यासाठी तेथे कोणी गवत कापून ठेवीत नाही व गुरांसाठी गोठेही बांधीत नाही, असे इंग्लंडातील बीड या भिक्षूने 731 मध्ये पुरा केलेल्या आपल्या इतिहासात लिहिले आहे. उन्हाळ्यात दूध, दही, लोणी, चीज यांवर घर चाले. या पदार्थांना ते 'शुभ्र अन्न' म्हणत. मातीचा गोल बांध घातलेल्या घरवाड्यांचे हजारो अवशेष त्या देशात आजही दिसतात. रात्री गुरे सुरक्षित राहावीत, हा त्या बांधाचा एक मोठा उपयोग होता.

नाणे नसले की मोजमाप हवेच. ते मोजमाप म्हणजे दुभती गाय. तिच्या निम्म्या किमतीला बहुधा 'शेद' म्हणत, आणि सुमारे तीन दुभत्या गाईंचा मिळून एक 'कुवल' होई. या 'कुवल' शब्दाचा मूळ अर्थ आहे दासी. माणसाला गुरांच्या हिशेबात बसविणारी ही परिभाषा त्या समाजाचा काळा डागच होय. तो वगळून त्या काळाचे चित्र रंगविता येणार नाही.

याच मापाने माणसाची प्रतिष्ठाही मोजली जाई. प्रत्येक स्वतंत्र पुरुषाचे एक मानमूल्य ठरलेले असे. त्यासाठी जो शब्द होता त्याचा अक्षरशः अर्थ 'मुखाचे मूल्य' असा आहे. 'तोंड दाखवायला जागा उरली नाही' असे म्हणणाऱ्या आपणा मराठी माणसांना तो समजावून सांगण्याची गरज नाही. कोणी अपमान केला तर या मूल्याइतकी भरपाई मिळे. आणि कोणासाठी जामीन राहायचे तर त्याच मर्यादेपर्यंत राहता येई. सुमारे 700 मधील 'क्रीथ गावलाख' या नियमग्रंथात साध्या स्वतंत्र गृहस्थाला 'बोआरे', म्हणजे गाईंचा धनी, असे म्हटले आहे. त्याच्याजवळ बारा गाई असाव्यात. त्याचे मानमूल्य पाच शेद. लहान राजाचे मानमूल्य सात कुवल.

ज्याच्याजवळ गाई कमी, तो सरदाराकडून गाई घेई. त्या बदल्यात दरवर्षी धान्य, लोणी, मांस पोचवावे लागे, हिवाळ्यात सरदार परिवारासह आला तर त्याचा पाहुणचार करावा लागे, आणि श्रमही द्यावे लागत. जमिनीपेक्षा गाईच्या देण्याघेण्यानेच धनी व आश्रित यांची गाठ अधिक पडे. अशा समाजात इसवी सन 700 च्या सुमारास गुरांवर मरी आल्याचे तेथील वृत्तांतांत नमूद आहे. त्या साथीने केवळ दूध आटले नाही. माणसाची पत, पायरी आणि शब्दाची किंमतही डळमळली असली पाहिजे.

श्रोतेहो, जे धन चालते ते हाकलून नेता येते. जमीन उचलता येत नाही. गाईंचा कळप एका रात्रीत सीमेपार होतो. म्हणून नव्या राजाने शेजाऱ्याच्या गाई हरण करून आपले शौर्य सिद्ध करावे, असा तेथे प्रघात पडला. आणि 'गोहरण' हा कथावाङ्मयाचा एक स्वतंत्र प्रकारच झाला. त्यांतील श्रेष्ठ कथा 'टॉइन बो कूल्न्य'. राणी मेव आणि तिचा पती आलिल आपापली संपत्ती शेजारी मांडून मोजतात. सारे समसमान भरते. फक्त आलिलजवळ शुभ्र शिंगांचा एक वृषभ अधिक. तेवढ्या एका वृषभाच्या तोडीसाठी मेव अल्स्टर प्रांतावर सैन्य नेते, कू खुलिन हा तरुण वीर तिला एकाकी अडवितो, असंख्य माणसे मरतात. शेवटी अल्स्टरचा तपकिरी वृषभ शुभ्र वृषभाला ठार करतो आणि स्वतःही प्राण सोडतो. ज्यासाठी युद्ध झाले ते कोणाच्याच हाती राहत नाही. विराटपर्वातील गोग्रहण आणि गाई सोडविताना पडलेल्यांचे आपल्याकडील वीरगळ ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना ही कथा परकी वाटणार नाही.

परंतु माझे खरे सांगणे यापुढे आहे. दुसऱ्याच्या गाई हाकलून नेणे हीच क्रिया त्या समाजाच्या धर्मशास्त्रज्ञांनी न्यायाचे साधन केली. कर्जदार देणे देत नसेल, तर धनकोने आधी सूचना द्यायची. मग ठराविक मुदत थांबायचे. मग कायद्याच्या जाणकारासमवेत जाऊन गाई न्यायच्या व कोंडवाड्यात ठेवायच्या. तेथेही पुन्हा मुदत. एक, तीन, पाच, दहा दिवस अशा त्या मुदती प्रकरणपरत्वे ठरलेल्या असत. देणे चुकते झाले तर गाई परत. नाही तर त्या क्रमाक्रमाने धनकोच्या होत. लूट आणि जप्ती यांत हाकणारा हात तोच. अंतर आहे ते सूचनेचे, साक्षीचे आणि थांबण्याचे.

आणि देणेकरी थोर पदाचा असेल, तर तेवढ्यावर भागत नसे. आधी त्याच्या दारी उपोषण करावे लागे. ते उपोषण ज्याने अव्हेरले त्याची पत संपली. मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात ऋणवसुलीच्या उपायांत 'आचरित' हा उपाय सांगितला आहे. भाष्यकारांनी त्याचा अर्थ ऋणकोच्या दारी न जेवता बसणे असा केला आहे. भारतात विधिसदस्य म्हणून काम केलेले हेन्री मेन यांनी 1875 मध्ये या दोन चालींची तुलना करून दाखविली. दुर्बळाने सबळाच्या दारी निःशस्त्र बसावे आणि सबळाला त्याची लाज वाटावी, हे दोन्ही भूमींत घडले, हे मला कोणत्याही शब्दसाम्याहून मोलाचे वाटते.

या गोहरणकथेची उपलब्ध असलेली सर्वांत जुनी प्रत सुमारे 1100 मधील एका चर्मपत्री पोथीत आहे. संत किआरान यांच्या गाईच्या कातड्यावरून त्या पोथीला 'तपकिरी गाईचे पुस्तक' असे नाव पडले, अशी परंपरा आहे. तेथील विद्याही अशी वासरांच्या चर्मावर लिहिली गेली. कवींनी लुटीची गाणी केली. मुदती मोजणाऱ्या शास्त्र्यांचे गाणे कोणी केले नाही. तरी सामान्य बोआरेच्या घरी संध्याकाळी भांड्यात दूध पडले असेल, तर त्याचे श्रेय कू खुलिनच्या भाल्याहून त्या नीरस नियमांनाच अधिक द्यावे लागेल. शास्त्राध्ययन करणाऱ्या आपल्या विद्यार्थ्यांनी ही गोष्ट ध्यानी ठेवावी, एवढीच विनंती करून मी आपली रजा घेतो.