नातवाचा प्रश्न





मी छत्तीस वर्षं गणित शिकवलं. माझ्या मनात घर करून राहिलेला गणिती मात्र कधी जन्मलाच नव्हता, तो एका गोष्टीतला आहे. एडविन अ‍ॅबट हे सिटी ऑफ लंडन स्कूलचे मुख्याध्यापक. त्यांनी १८८४ साली ‘फ्लॅटलँड’ हे छोटं पुस्तक लिहिलं. त्यातलं जग कागदासारखं सपाट आहे. तिथे लांबी आहे, रुंदी आहे, उंची नाही. माणसं म्हणजे आकृत्या. कामकरी आणि शिपाई त्रिकोण, शिकलेसवरलेले लोक चौरस किंवा पंचकोन, आणि सगळ्यांच्या वर धर्मगुरू, म्हणजे वर्तुळं. चौरसाचा मुलगा पंचकोन होतो, नातू षट्कोन. दर पिढीला एक बाजू वाढते. बायका मात्र सरळ रेषा, त्यांना बाजू कधीच फुटत नाही. हे पान वाचताना मला माझी पहिली मुलाखत आठवली. समोर पाच जण बसले होते. गणितावर एकच प्रश्न आला. बाकी सगळे प्रश्न लग्न झाल्यावर मी नोकरी सोडणार का, याच्याभोवती फिरले. अ‍ॅबट त्यांच्या काळातल्या इंग्लंडवर टीका करत होते, पण ती मला आमच्या गावावरची वाटली.

या गोष्टीचा नायक चौरस आहे. तो गणिती. एका संध्याकाळी तो षट्कोनी नातवाला शिकवतो, की तीन इंच बाजूच्या चौरसात एकेक इंचाचे नऊ चौरस मावतात, म्हणून तिनाचा वर्ग नऊ. नातू विचारतो, तुम्ही मला तिनाचा घनही शिकवलात, मग भूमितीत त्याचाही काहीतरी अर्थ असणार. आजोबा सांगतात, काही अर्थ नाही, भूमितीला दोनच मिती. पोरगं ऐकत नाही. बिंदू सरकला की रेषा होते, रेषा सरकली की चौरस, मग चौरस सरकला तर? आजोबा चिडून त्याला झोपायला पाठवतात.

हा प्रसंग मला बोचतो. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी मागच्या बाकावरच्या एका मुलीने मला विचारलं होतं, ‘मॅडम, तिसऱ्या मितीवर का थांबायचं?’ मी म्हणाले, ‘ते परीक्षेला नाही.’ वर्ष संपेपर्यंत तिने पुन्हा हात वर केला नाही. पुढे मी शनिवारी दुपारी चौथ्या मितीवर तास घ्यायचं ठरवलं, तेव्हा वरिष्ठांनी विचारलं, ‘किती मार्कांना?’ तो तास झालाच नाही. आमच्या पेशात इतक्या वर्षांत सगळ्यात जास्त वेळा ऐकलेला प्रश्न हाच.

असो. त्याच रात्री चौरसाच्या घरात तिसऱ्या मितीतून एक गोल उतरतो. सपाट जगातून जाताना तो आधी बिंदू दिसतो, मग वाढणारं वर्तुळ, मग पुन्हा लहान होत दिसेनासा होतो. तो चौरसाला उचलून आपल्या जगात नेतो आणि उंची दाखवतो. चौरस हरखतो आणि नातवाचाच प्रश्न विचारतो. रेषेला दोन टोकं, चौरसाला ४ कोपरे, घनाला ८, तर त्यापुढच्या आकृतीला १६ असायला हवेत; ती कुठे दिसेल? आणि हा ज्ञानी गोल संतापतो. चौथी मिती संभवतच नाही म्हणतो, आणि त्याला परत ढकलून देतो. एक पायरी वर चढलेला माणूस पुढची पायरी नाकारतो, हे मी परिषदांमधून किती वेळा पाहिलंय! खरं तर गणितज्ञ रीमानने हव्या तितक्या मितींचं गणित या पुस्तकाच्या आधी, १८५४ मध्येच मांडलं होतं. पुढे १९०८ मध्ये गणितज्ञ मिंकोव्हस्कीने काळाला चौथी मिती मानून अवकाशाला जोडलं.

तिसऱ्या मितीबद्दल बोलल्यामुळे चौरस पुढे तुरुंगात जातो. सात वर्षं झाली तरी सुटत नाही. पण मला त्याहून जास्त रडवणारं पान आधी येतं. परतल्यावर तो नातवाला जवळ घेऊन कालचा धडा पुढे न्यायला बसतो. तेवढ्यात रस्त्यावर दवंडी ऐकू येते, की दुसऱ्या जगाच्या गोष्टी सांगून लोकांना बहकवणाऱ्याला शिक्षा होईल. पोरगं घाबरून रडतं, मी गंमत केली होती म्हणतं, आणि शेवटी आजोबांना हसत पळून जातं. काल आजोबांच्या पुढे धावलेलं डोकं एका दिवसात गप्प होतं. तिसरी मिती पाहून आलेला गणिती तिथे एकटाच उरतो.

आज पदवी घेणाऱ्या तुमच्यातले कितीतरी जण शिक्षक होतील, बाकीचे आईबाप होतील. प्रश्न विचारणारं मूल तुमच्यासमोर कधी येईल ते सांगता येणार नाही; बहुधा तुम्ही थकलेले असाल तेव्हाच येईल. माझं एवढंच मागणं आहे: त्याला झोपायला पाठवू नका. उत्तर येत नसेल तर तसं सांगा, आणि कागद घेऊन त्याच्याशेजारी बसा. उद्यावर टाकू नका. चौरस दुसऱ्याच दिवशी बसला होता, आणि तेवढ्यात उशीर झाला होता.